प्रक्षेप, प्रक्षेपण की यथादर्शन?

थ्रीडी ग्राफिक्सवर मराठीत टिपण लिहितोय. त्रिमितीतलं दृश्य सपाट पडद्यावर उतरवण्याला ‘प्रक्षेपण’ म्हटलं तर वाचणाऱ्यापुढे अग्निबाण उभा राहतो, नाहीतर सामन्याचं थेट प्रक्षेपण. ‘प्रक्षेप’ म्हटलं तर पोथीत मागून घुसडलेले श्लोक. मग ‘यथादर्शन’ (पर्स्पेक्टिव्ह) चालेल का?

— प्रक्षेपच ठेवा. क्षिप् म्हणजे फेकणे. उपग्रह, श्लोक, चित्र, सगळी त्याच धातूची लेकरं. मी फरक असा करतो: क्रिया ती प्रक्षेपण, प्रतलावर उमटतो तो प्रक्षेप. आणि प्रक्षेप ‘करू’ नका, ‘पाडा’. सावली पडते तसा. सावली हा प्रक्षेपच तर आहे!

यथादर्शन हा त्यातला एकच प्रकार. त्यात वस्तूपासून निघालेल्या सगळ्या रेषा डोळ्यापाशी एका बिंदूत येतात. यंत्राच्या आराखड्यात त्या समांतर असतात, लांबचा भाग लहान होत नाही. त्याला यथादर्शन म्हणालात तर ड्राफ्ट्समन हसेल.

— एका बिंदूत येतात म्हणजे नेमकं काय होतं?

— खिडकीच्या काचेपासून ५० सेंमीवर एक डोळा ठेवा, दुसरा मिटा, आणि बाहेरचं दार मार्करने काचेवर गिरवा. डोळ्यापासून ५ मीटरवरचं २ मीटर उंच दार काचेवर २० सेंमी भरेल. तेच १० मीटरवर असेल तर १० सेंमी. अंतराने भागायचं, एवढंच गणित. ग्राफिक्स कार्डही हेच करतं. मान जरा हलवलीत की रेघ दारावरून सरकते. आल्बेर्ती या इटालियन वास्तुकाराने १४३५ मध्ये चित्राला उघड्या खिडकीची उपमा दिली ती उगाच नाही.

पण गंमत अशी, की १० मीटरवरचं ४ मीटरचं फाटकही काचेवर २० सेंमीच भरतं. खोली, म्हणजे वस्तू किती लांब आहे ते, हरवते ती इथे. नुसत्या काचेवरून दार की फाटक, ओळखता येत नाही.

— आणि रूळ जिथे मिळताना दिसतात त्या बिंदूला? ‘संगमबिंदू’?

— संगम नको, प्रत्यक्षात ते कुठेच मिळत नाहीत. ‘लोपबिंदू’ म्हणा, व्याकरणातल्या वर्णलोपासारखा. फक्त टिपणात एक लिहा: काचेला समांतर असलेल्या रेषांना तो नसतो. रुळांखालचे आडवे स्लीपर चित्रातही समांतरच राहतात.

— घेतला. ‘पाडणे’ही घेतलं. शीर्षकात मात्र ‘प्रक्षेपण’ ठेवतोय, अग्निबाण आले तर येऊ देत.