छातीवरचं ओझं
झोपेतून जाग येते पण अंग हलत नाही, छातीवर कोणीतरी बसल्यासारखं वाटतं, ओरडायचं असतं पण आवाज फुटत नाही, असं अनेकजण सांगतात. याला स्लीप पॅरालिसिस म्हणतात. मलाही अगदी असंच होतं. फक्त माझ्या वेळी कोणीतरी दाराशी उभं असतं, आणि ते खरंच तिथे आहे याबद्दल त्या क्षणी तिळमात्र शंका नसते.

स्वप्नं पडणाऱ्या झोपेत मेंदू हातापायांचे स्नायू लुळे करून ठेवतो, नाहीतर आपण स्वप्नातलं धावणं खरोखर धावलो असतो. कधीकधी जाग आधी येते आणि स्नायू मागे राहतात. श्वासपटल, म्हणजे छातीखालचा श्वास चालवणारा स्नायू, मात्र चालूच असतं, त्यामुळे कितीही गुदमरल्यासारखं वाटलं तरी श्वास थांबत नाही. हे कळल्यावर माझी निम्मी भीती गेली.

सगळं अंग हलवायची धडपड करू नका, पायाचं एखादं बोट हलवून बघा. जागरण आणि उताणं झोपणं टाळा. दिवसाही अनावर झोप येत असेल तर डॉक्टरांना दाखवाच.