मदत हवी आहे: कॅमेरा जमला, पण सीन उभा राहत नाही

मंडळी, फिल्म स्कूलची पायरी चढलेलो नाही. नोकरी सांभाळून लघुपट करत करत शिकतोय. तांत्रिक बाजू बऱ्यापैकी हाताशी आली आहे. सेकंदाला २४ फ्रेम असतील तर शटर १/५० सेकंदाच्या आसपास, रिझॉल्व्ह या एडिटिंग सॉफ्टवेअरच्या फुकट आवृत्तीत एडिट आणि कलर, हे सगळं नेटवर बघून जमतं. घोडं अडलंय ते पुढेच.

सध्याच्या लघुपटात दोन बहिणी घर विकण्यावरून बोलतात. मास्टर (पूर्ण सीन एकाच रुंद शॉटमध्ये), ओव्हर-द-शोल्डर (एकीच्या खांद्यावरून दुसरी), क्लोजअप, असं सगळ्या कोनांतून कव्हरेज आहे. सुटा बघितला तर प्रत्येक शॉट चांगला, पण जोडले की सीन रेंगाळतो. धाकटी "मला काहीच नको" म्हणते तिथे पोटात कालवायला हवं, ते होत नाही. मी "अजून रागाने" म्हटलं की आवाज चढतो, राग काही येत नाही. मित्र म्हणतात, "मस्त झालंय." त्या 'मस्त'चं मी काय करू?

नटांशी बोलायचं कसं, हे घरबसल्या शिकता येतं का? की सरळ कुणाच्या तरी सेटवर सहायक म्हणून जावं?

प्रतिसाद १
"रागाने बोल" ही सूचनाच नटाला नडते. भावना सांगू नका, काम द्या: 'तिच्याकडून कबूल करून घे', 'तिला दारापर्यंत जाऊ देऊ नकोस'. अभिनय शिकवणारे रशियन नाट्यदिग्दर्शक स्तानिस्लाव्हस्की यांच्यापासून हेच चालत आलंय. आणि ते वाक्य धाकटीच्या तोंडावर ठेवलंय का? अर्ध्यात मोठीवर कट करा, आवाज धाकटीचाच चालू द्या. एल-कट म्हणतात तो हाच. घाव ज्याला बसतो त्याचा चेहरा बघायचा असतो. मग आवाज बंद करून सीन बघा. कोण वरचढ ठरलं ते कळलं नाही, तर कात्री अजून लागायची आहे.

प्रतिसाद २
वरच्यांशी सहमत. रेंगाळण्याचं अर्धं कारण आवाजातही असू शकतं. एका शॉटमध्ये पंख्याची घरघर आणि दुसऱ्यात शांतता असेल, तर प्रत्येक कट कानाला टोचतो. प्रत्येक जागी सगळ्यांना गप्प उभं करून तीस सेकंद रूम टोन, म्हणजे त्या जागेचा कुणी बोलत नसतानाचा आवाज, रेकॉर्ड करून घ्या आणि तो सगळ्या कटांखाली अंथरा.
सेटवरचा नवखा सहायक बहुतेक वेळ गर्दी आवरतो. त्यापेक्षा एडिटरकडे बसा, काय फेकलं जातं ते तिथे दिसतं. आणि मित्रांना "कसा वाटला?" विचारूच नका. "धाकटीला काय हवं होतं?" असं विचारा, उत्तरं ऐकून घाम फुटेल.

मूळ धागाकर्ता
दोघांचेही आभार. मोठीचा त्या वाक्यावरचा शॉट आहे. ती नुसती किल्ल्यांचा जुडगा चाळवते, बोलत काहीच नाही. आजच लावून बघतो. फक्त एक सांगा, ओळखदेख नसलेल्याला एडिटर शेजारी बसू देतात का? काय म्हणून जायचं?