खुला गट कोणाचा? सोसायटीच्या ग्रुपवर नोना गाप्रिंदाश्विली

सेक्रेटरी: गणेशोत्सव बुद्धिबळ स्पर्धा रविवारी सकाळी ९ वाजता क्लब हाऊसमध्ये. गट : १२ वर्षांखालील, महिला, खुला (पुरुष). नावे शनिवार संध्याकाळपर्यंत द्यावीत 🙏

बी-३०२: दादा, माझी मुलगी नववीत आहे, तिला खुल्या गटात खेळायचंय. चालेल का?

डी-१०४: वहिनी, महिला गट आहे ना. मोठ्या माणसांसमोर बसवून पोरीचा हिरमोड कशाला? नेटफ्लिक्सच्या ‘द क्वीन्स गॅम्बिट’ या बुद्धिबळावरच्या मालिकेतही सांगितलंय, रशियाची महिला जगज्जेती नोना पुरुषांशी कधी खेळलीच नाही.

सी-४०१: भाऊ, मालिकेतलं ते वाक्य खोटं आहे, आणि ते कोर्टापर्यंत गेलंय. जरा सविस्तर लिहिते, कारण नोना गाप्रिंदाश्विली हा माझा फार जिव्हाळ्याचा विषय आहे.

पहिलं म्हणजे ती रशियाची नाही, जॉर्जियाची. जन्म १९४१, गाव झुगदिदी. तेव्हा जॉर्जिया सोव्हिएत संघात होता एवढंच. पाच भावांत एकटी बहीण, म्हणजे पटावर समोर मुलगे असणं तिला घरापासूनच सवयीचं. वाख्तांग कार्सेलाद्झे या प्रशिक्षकांनी तिला हेरलं आणि ती शिकायला तिबिलिसीला आली. १९६२ मध्ये मॉस्कोत तिने एलिझावेता बिकोवाकडून महिलांचं जगज्जेतेपद घेतलं. ९-२ गुणांनी (बरोबरीला अर्धा गुण). सात डाव जिंकले, चार बरोबरीत, एकही हरली नाही. वय २१. पुढे १६ वर्षं ते पद तिच्याकडेच होतं.

डी-१०४: पण काकू, ते महिलांमधलंच ना? माझा मुद्दा तोच आहे.

सी-४०१: तिथेच येते. जगज्जेती झाल्यावर ती महिलांच्या स्पर्धांपुरती राहिली असती तर कोणी काही म्हटलं नसतं. ती थांबली नाही. १९६३-६४ ला इंग्लंडमधल्या हेस्टिंग्जच्या स्पर्धेत चॅलेंजर्स गट जिंकला, तो पुरुषांबरोबरचा. मालिकेतला तो प्रसंग १९६८ चा दाखवलाय. तिने नेटफ्लिक्सवर लावलेल्या दाव्यात म्हटलं होतं की तोपर्यंत ती किमान ५९ पुरुष खेळाडूंशी खेळली होती आणि त्यात १० ग्रँडमास्टर, म्हणजे बुद्धिबळातली सर्वोच्च पदवी असलेले, होते. ज्या कादंबरीवर मालिका बेतली, तिच्यातही ती पुरुष ग्रँडमास्टरांशी खेळलेली असंच लिहिलंय. मालिकेत ते उलटं केलं.

ए-२०३: काकू, दावा कधीचा? वाचल्याचं अंधुक आठवतंय.

सी-४०१: सप्टेंबर २०२१, लॉस एंजेलिसच्या फेडरल कोर्टात. नुकसानभरपाई मागितली ५० लाख डॉलर. वय ऐंशी! काल्पनिक कथेत काहीही दाखवायची मुभा असते, हा नेटफ्लिक्सचा बचाव न्यायाधीशांना पटला नाही. खरं नाव घेऊन खोटी गोष्ट सांगितली तर कथेची ढाल चालत नाही, असा त्याचा अर्थ. २०२२ मध्ये तडजोड झाली. मला विचाराल तर पैशांपेक्षा तिला ते वाक्य लागलं होतं. आयुष्यभर जे केलं, नेमकं तेच केलं नाही म्हणून जगभर सांगितलं गेलं.

ई-५०५: एक शंका. तिला ग्रँडमास्टर पदवी सवलतीत मिळाली असं ऐकलंय. पूर्ण नॉर्म, म्हणजे पदवीसाठी स्पर्धांत करून दाखवावी लागणारी ठरावीक कामगिरी, नव्हते म्हणे?

सी-४०१: रास्त शंका आहे. १९७७ मध्ये कॅलिफोर्नियात लोन पाइनची स्पर्धा झाली. खुली, ग्रँडमास्टरांची गर्दी असलेली. तिथे नोना बालाशोव्ह, पान्नो आणि शाहोविच यांच्यासोबत पहिल्या स्थानावर बरोबरीत आली. नॉर्मसाठी जेवढे डाव लागतात त्यात किंचित कमी पडत होते, तरी फिडेने, म्हणजे जागतिक बुद्धिबळ महासंघाने, १९७८ मध्ये पदवी दिली. ही पदवी मिळवणारी ती पहिली महिला. नॉर्म आणि रेटिंग (खेळाडूच्या ताकदीचा आकडा) या नेहमीच्या वाटेने पोचणारी पहिली सुसान पोल्गार, १९९१ मध्ये. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. पण लोन पाइनला जो पहिला येतो त्याच्या ताकदीबद्दल शंका घ्यायला मी तरी तयार नाही.

गंमत म्हणजे त्याच १९७८ मध्ये तिचं जगज्जेतेपद गेलं. हरवणारी कोण? जॉर्जियाचीच, १७ वर्षांची माया चिबुर्दानिद्झे. नोनाला बघत मोठ्या झालेल्या पिढीतली. त्याआधी १९७५ ला जिला नोनाने हरवलं ती नाना अलेक्सांद्रियाही तिथलीच. १९८० च्या ऑलिम्पियाडला, म्हणजे देशांच्या संघांच्या बुद्धिबळ स्पर्धेला, सोव्हिएत महिला संघात चौघीही जॉर्जियाच्या होत्या. केवढासा तो प्रदेश!

बी-३०२: काकू 🙏 हे सगळं मुलीला वाचून दाखवतेय.

ए-२०३: आपल्याकडे असं कोणी पुरुषांत खेळलं होतं का तेव्हा?

सी-४०१: हो तर! मुंबईच्या खाडिलकर भगिनी. ‘नवाकाळ’च्या नीलकंठ खाडिलकरांच्या लेकी वासंती, जयश्री, रोहिणी. रोहिणी १९७६ मध्ये राष्ट्रीय पुरुष स्पर्धेत उतरली, वय अवघं १३. केवढा गदारोळ! प्रकरण हायकोर्टात गेलं. शेवटी फिडेचे अध्यक्ष मॅक्स यूवे यांनी सांगितलं की राष्ट्रीय असो वा आंतरराष्ट्रीय, महिलांना अशा स्पर्धेपासून रोखता येणार नाही. त्याला पन्नास वर्षं होत आली आणि आपण आज कंसात ‘पुरुष’ लिहितोय. सेक्रेटरी साहेब, राग मानू नका, पण तो कंस काढा.

सेक्रेटरी: काढला. खुला गट सर्वांसाठी. महिला गटही राहील, ज्यांना हवा त्यांना. बी-३०२, मुलीचं नाव लिहून घेतलंय.

डी-१०४: माझी हरकत नाही. मी मालिकेवरच विसंबलो होतो. काकू, नोनाचा भारताशी काही संबंध?

सी-४०१: आहे, आणि मोठा आहे. ऑलिम्पियाडमध्ये खुला आणि महिला संघ मिळून ज्या देशाची कामगिरी सर्वांत सरस, त्याला मिळणाऱ्या फिरत्या करंडकाला नोनाचंच नाव आहे. २०२२ ला चेन्नईत तो भारताला मिळाला. २०२४ ला बुडापेस्टला दोन्ही सुवर्णं आपली, करंडक पुन्हा आपला. खुल्या संघात नाशिकचा विदित गुजराथी, महिला संघात नागपूरची दिव्या देशमुख, महिलांचे कर्णधार पुण्याचे अभिजित कुंटे. मात्र चेन्नईत मिळालेला करंडक परत द्यायच्या वेळी सापडेना, अशा बातम्या आल्या तेव्हा मला फार वाईट वाटलं. ज्या बाईच्या नावाचा करंडक, तिची तरी आठवण ठेवून जपायला हवा होता.

ई-५०५: आणि दिव्या महिला वर्ल्ड कप जिंकली तेही जॉर्जियातच ना?

सी-४०१: बातुमीला, जुलै २०२५. अंतिम फेरीत कोनेरू हंपीला बरोबरीनंतरच्या टायब्रेकमध्ये हरवलं. त्याआधी एकही ग्रँडमास्टर नॉर्म नव्हता, विजेतेपदानेच थेट पदवी मिळाली. वय १९. नोनाच्या देशात, नोनाने पहिल्यांदा मिळवलेली पदवी!

बी-३०२: मुलगी विचारतेय, नोनाचा कुठला डाव आधी बघू?

सी-४०१: डॉर्टमुंड १९७४, विरुद्ध रुडॉल्फ सेर्वाटी. फक्त १७ चाली. काळ्याचा वजीर आधी एक हत्ती खातो, मग दुसरा, आणि नोना दोन्ही खाऊ देते. कारण तिचा उंट पटावरच्या जी-७ या घरात, काळ्या राजाच्या शेजारी जाऊन बसलाय आणि तो कोणी मारलेला नाही. १५ व्या चालीला वजीर डी-४ वर, १७ व्या चालीला एफ-६ वर. आता उंट एच-६ ला सरकला की जी-७ वर मात. काळ्याचा वजीर तिकडे कोपऱ्यात अडकलेला. सेर्वाटीने तिथेच डाव सोडला. तिला म्हणावं, १४ व्या चालीनंतर डाव थांबव, पुढची चाल स्वतः शोध आणि मगच पुढे बघ. अडली तर संध्याकाळी पट घेऊन वर ये म्हणावं, मी घरीच आहे.