नेटहॅक: घंटा, समई, पुस्तक तिन्ही आहेत, तरी येंडोरच्या ताइताचा विधी फसतोय

तळघरवासी:
नेटहॅक (तळघरात मजल्यामागून मजले उतरायचा संगणकीय खेळ) ३.६.६, लॉफुल (नियम पाळणाऱ्या गटाची) व्हॅल्किरी. गेहेनमच्या (खेळातल्या नरकाच्या) तळाच्या मजल्यावर, विधीच्या थरथरणाऱ्या चौकोनावरच उभी आहे. कॅन्डेलाब्रममध्ये (समईत) ७ मेणबत्त्या, सगळ्या पेटलेल्या. घंटा वाजवली, लगेच बुक ऑफ द डेड वाचलं. ‘समथिंग इज अमिस’ असा मेसेज आला आणि आजूबाजूला मुडदे उठले. दोनदा करून पाहिलं, दोन्ही वेळा तेच. पुस्तक कर्स्ड (शापित) असेल का? होली वॉटरची (शाप उतरवणाऱ्या पाण्याची) एकच बाटली उरली आहे, ती पुस्तकावर खर्च करू का?

सातवाती:
नको, बाटली ठेवा. पुस्तक कर्स्ड असतं तर त्या चौकोनावर अक्षरं विस्कटलेली दिसली असती आणि तुम्हाला ते वाचताच आलं नसतं. मुडदे उठण्याचा प्रश्नच नव्हता. घंटा किंवा समई जवळ नसती तर पाठीतून शिरशिरी गेल्याचा मेसेज आला असता.

‘अमिस’चा अर्थ एवढाच, की तिन्ही वस्तू जवळ आहेत, पुस्तक ठीक आहे, पण घंटा किंवा समई तयार नाही. समईत पुस्तक वाचायच्या क्षणी बरोबर ७ मेणबत्त्या जळत्या हव्यात, ६ चालत नाहीत. घंटा वाजल्यापासून ५ टर्नच्या (चालींच्या) आत पुस्तक उघडायला हवं. मधे एखाद्या लिचशी (मेलेल्या जादूगाराच्या भुताशी) लढत बसलात तर पुन्हा वाजवा.

आणि अंदाजाने पुन्हा पुन्हा वाचू नका. दर फसलेल्या वाचनाला तीनात एक वेळा मास्टर लिच येतो, आणि गेहेनममध्ये प्रार्थनेचा उपयोग नाही.

घंटा वाजवल्यावर नेमकं काय लिहून आलं ते सांगा.

तळघरवासी:
‘बट इट मेक्स नो साउंड.’ मला वाटलं, या मजल्यावर असंच होत असेल.

जुनापोथीवाला:
मग झालं, चोर सापडला. घंटेतले चार्ज (जादूचे उरलेले वापर) संपलेत. इन्व्हेंटरीत (सामानाच्या यादीत) तिच्यापुढे (०:०) दिसत असेल, दुसरा आकडा उरलेल्या चार्जचा. क्वेस्टमधून (पात्राच्या खास मोहिमेतून) मिळते तेव्हा तिच्यात ३ असतात आणि लोक ते दारं-पेट्या उघडण्यात उडवतात. फसायला होतं ते अशामुळे, की रिकामी घंटा इतर कुठेही साध्या घंटेसारखी वाजते. फक्त या चौकोनावर मुकी होते. भरलेली असेल तर इथे अंगावर काटा आणणारा कर्कश आवाज येतो. तो मेसेज दिसल्याशिवाय पुस्तकाला हातच लावायचा नाही.

उपाय म्हणजे स्क्रोल ऑफ चार्जिंग (चार्ज भरणारी जादूची गुंडाळी). साध्या स्क्रोलने १ चार्ज वाढतो, ब्लेस्डने (पवित्र केलेल्या स्क्रोलने) १ ते ३, कमाल ५. तुम्हाला १ पुरतो, तेव्हा बाटली स्क्रोलवरही घालवू नका. अपवाद एकच: स्क्रोल कर्स्ड असेल तर आधी होली वॉटरमध्ये बुडवा, कारण कर्स्ड स्क्रोल असलेले चार्जही काढून घेते. कन्फ्यूज्ड अवस्थेत वाचली तर घंटा तशीच राहते, परिणाम होतो तो तुमच्या मॅजिक पॉवरवर. स्क्रोल नसेल आणि मार्कर (स्क्रोल लिहायची जादूची लेखणी) असेल तर लिहून काढा. चार्जिंगला ८ ते १५ चार्जची शाई जाते. स्क्रोल आधी ओळखलेली नसेल तर मात्र लिहिणं नशिबावर.

घंटा कर्स्ड असण्याची शक्यता कमी वाटते. तशी असती आणि चार्ज असता, तर वाजवतानाच मुडदे उठले असते, वाचताना नव्हे.

सातवाती:
तोवर समई विझवून ठेवा! चार्जिंग शोधायला वर जाल आणि मेणबत्त्या संपवून याल. मेणाची नवी मेणबत्ती ४०० टर्न जळते, टॅलोची (चरबीची) २००. चौकोनाबाहेर समई पेटवली की ‘झपाट्याने संपतायत’ असा मेसेज येतो आणि उरलेलं आयुष्य तिथल्या तिथे निम्मं होतं, दर पेटवण्याला. चौकोनावर पेटवलं तर ही कपात नाही. दोन्ही जाती मिसळल्या तरी चालतं, पण सर्वांत कमी उरलेल्या मेणबत्तीचं आयुष्य सगळ्यांना लागू होतं. एक अर्धवट जळकी सातही जणींना घेऊन बुडते.

संपल्याच तर सातही नव्या लागतील, म्हणजे थेट वर माइनटाउन गावात इझचॅकच्या दिव्यांच्या दुकानापर्यंत पायपीट. गावाऐवजी ऑर्किश टाउन (ऑर्कांनी लुटलेलं गाव) आलं असेल तर तो दुकानदारच नसतो.

भिंतफोड्या:
पुढे कोणी चौकोन शोधत इथे आलं तर म्हणून लिहितो. तो वर जाणाऱ्या जिन्याच्या आडव्या, उभ्या किंवा तिरक्या रेषेत कधीच नसतो आणि जिन्यापासून ११ घरांहून जास्त लांब असतो. त्यामुळे जिन्यालगतचा भाग विंचरण्यात वेळ घालवू नका. खणून खाली जाता येत नाही, खणायची अवजारं फुकट.

तळघरवासी:
बॅगेत चार्जिंगची एक साधी स्क्रोल निघाली, घंटा आता (१:१). वाजवण्याआधी अजून काही पाहायचं का?

जुनापोथीवाला:
समई चौकोनावर उभं राहूनच पेटवा, विचित्र प्रकाशाचा मेसेज आला म्हणजे सात पूर्ण. मग घंटा, मग लगेच पुस्तक. जमलं की पायाखाली जिना उघडतो, शेजारच्या घरांत फायर ट्रॅप आणि जरा पलीकडे पाण्याचा खंदक. तो ओलांडायची सोय आत्ताच तपासा, लेव्हिटेशन (हवेत तरंगणं) किंवा पाणी गोठवायला वँड ऑफ कोल्ड. वर येताना तेच पाणी आडवं येईल, आणि ताईत अंगावर असताना लेव्हल टेलिपोर्ट (जादूने थेट दुसऱ्या मजल्यावर जाणं) चालत नाही.

खाली मोलोकच्या मुख्य पुजाऱ्याकडे ताईत असतो. हातात आला की बॅगेत टाकून पाहा. खरा ताईत बॅगेत जायला नकार देतो (घंटा, समई, पुस्तकही तसंच); निमूट आत गेला तर ते प्लॅस्टिक, म्हणजे नकली. परतीच्या चढणीला एक गूढ शक्ती लॉफुलांना एका झटक्यात ३ मजल्यांपर्यंत खाली फेकते, केऑटिकांना (नियम न मानणाऱ्या गटाला) फार तर १. तेव्हा खाण्याचं सामान त्या हिशेबाने घ्या.