शब्द हवा आहे: सिनेमाचा कॅमेरा करणारा

दांडियाबाजारकर: माझा भाचा सिनेमाचा कॅमेरा करतो. बांधलेली नोकरी नाही. चार मित्र पदरचे पैसे घालून सिनेमा काढतात, तसल्या सिनेमांना हा. इथे बडोद्यात आमच्या मंडळाच्या स्मरणिकेत मी त्याला 'स्वतंत्र छायाचित्रकार' म्हटलं. आठ दिवसांत दोन मुंजींसाठी विचारणा! अल्बमसकट किती घेणार? आता दुसरा शब्द सुचवा.

जुनीवही: छायालेखक. जुन्या मराठी श्रेयनामावलीत हाच असे.

इंदुरी: लेखक वाचून लोक कथा मागतील. आमच्याकडे सरळ 'छायांकन'.

जुनीवही: ते हिंदीतलं.

इंदुरी: मूल्यांकन चालतं, रेखांकन चालतं, छायांकनानेच तुमचं पोट दुखतं?

दांडियाबाजारकर: भाचा म्हणतो, कॅमेरामन म्हण नाहीतर डीओपी, म्हणजे डायरेक्टर ऑफ फोटोग्राफी. पण मोठ्या सेटवर कॅमेरा चालवणारा ऑपरेटर निराळा; प्रकाश कसा, लेन्स कुठली, हे ठरवणारा निराळा. हा दोन्ही करतो, कारण दुसऱ्याला द्यायला पैसे नसतात.

ऊनसावली: 'छाया'च बरोबर आहे. एका वाड्यात शूटिंग पाहिलं होतं. भिंती चुन्याच्या, खिडकीतून ऊन, त्यामुळे बाईंचा चेहरा दोन्हीकडून सारखाच उजळलेला, भाकरीसारखा सपाट. मला वाटलं आता आणखी दिवे लावतील. त्या मुलाने उलट भिंतीच्या बाजूला काळं कापड धरायला लावलं. भिंतीवरून परतणारा उजेड कापडाने खाल्ला आणि गालाखाली सावली उतरली. तिथे नाक, हनुवटी, सगळं दिसायला लागलं. हा माणूस छायाच लिहीत होता की!

दांडियाबाजारकर: 'छबीकार' कसा? गुजरातीत छबीकला म्हणतातच. शिवाय फाळके आमच्या कलाभवनात शिकले, तेव्हा बडोद्याचा थोडा हक्क बनतो.

जुनीवही: छबीकार म्हणजे पुन्हा फोटोवाला. मुंजी वाढतील. आणि फाळक्यांच्या १९१३च्या 'राजा हरिश्चंद्र'चा कॅमेरा तेलंगांनी केला होता, तेव्हा हक्क जपून सांगा.

इंदुरी: छबी अस्सल मराठी आहे. छबीदार, छबिना...

जुनीवही: छबिना फारसी! शब म्हणजे रात्र, त्यावरून शबीना, रात्रीची गस्त.

इंदुरी: आमच्या आजोळी देवाची छबी पालखीत बसते, म्हणून छबिना. आजी सांगायची.

जुनीवही: आजीला नमस्कार, व्युत्पत्तीला नाही.

ऊनसावली: संस्कृत 'छवि' म्हणजे कांती. आणि छाया म्हणजे सावली तशी चमकही, रत्नच्छाया आठवा. उजेड-अंधार एकाच शब्दात, आणखी काय हवं?

दांडियाबाजारकर: तिसरी मुंज आली, वैशाखातली. भाचा म्हणतो, त्या महिन्यात हाताला काम नाही, भाव सांगून टाक.

इंदुरी: सांगा. पण जुनीवही, गस्तीच्या छबिन्यात पालखी कुठून आली, ते राहिलंच.