मदत हवी आहे: पिंक फ्लॉइडचा बॉक्स सेट फ्लॅकमध्ये साठवताना येणारे घोळ

मंडळी, जाणकारांनी जरा मार्ग दाखवा. पिंक फ्लॉइड या ब्रिटिश रॉक बँडचा २०११चा 'डिस्कव्हरी' सेट मिळालाय, १४ स्टुडिओ अल्बम, त्यात 'उमागुमा' आणि 'द वॉल' डबल म्हणून १६ सीड्या, आणि सगळं एकदाच नीट फ्लॅकमध्ये (आवाजाचा दर्जा न घटवता लहान होणाऱ्या फाइलींत) उतरवून ठेवायचंय. सीडीची अचूक नक्कल काढणारं 'एक्झॅक्ट ऑडिओ कॉपी' हे सॉफ्टवेअर वापरतोय.

मुख्य घोळ सलग वाजण्याचा. यांची गाणी एकात एक मिसळलेली, 'द वॉल' तर कहर आहे, शेवटच्या गाण्यात वाक्य अर्धवट तुटतं आणि उरलेलं वाक्य कुठे, तर पहिल्या डिस्कच्या अगदी सुरुवातीला! ट्रॅकवार फाइली केल्या की फोनवर दोन गाण्यांमध्ये बारीक खड्डा ऐकू येतो. एमपी३मध्ये एन्कोडर मागेपुढे शांतता चिकटवतो, फ्लॅकमध्ये तसं काही नसतं, शिवाय त्याच फाइली कॉम्प्युटरवर सलग वाजतात, म्हणजे दोष प्लेअरचाच ना? मग फोनसाठी खरंच गॅपलेस वाजवणारा प्लेअर सुचवा, की अख्ख्या डिस्कची एकच फाइल आणि सोबत क्यू शीट (कुठलं गाणं कुठे सुरू होतं ते सांगणारी छोटी फाइल) ठेवू? मला ते आवडत नाही, एखादं गाणं टॅग लावून शोधायचं म्हणजे वैताग.

दुसरं, एका डिस्कचा एकही ट्रॅक अ‍ॅक्युरेटरिपशी (इतरांनी काढलेल्या नकलांशी ताडून बघायचा डेटाबेस) जुळत नाहीये. टेस्ट आणि कॉपी या दोन्ही वाचनांचे सीआरसी (डेटा ताडायचे तपासणी-आकडे) सारखेच येतात, ओरखडा नाही, तोच ऑफसेट (ड्राइव्हच्या वाचनातली सरक भरून काढणारा आकडा) बाकीच्या डिस्कला बरोबर चालतोय. वेगळ्या प्रेसिंगची (कारखान्यातल्या वेगळ्या खेपेची) डिस्क असेल का? क्यूटूल्स या सॉफ्टवेअरमध्ये तपासलं तर कळतं का?

आणि सेटमध्ये १९६७ची सुटी सिंगल्स नाहीत, ती एका मित्राने फ्लॅक म्हणून दिली, स्पेक्ट्रम (कुठल्या कंपनसंख्येला किती आवाज आहे त्याचा आलेख) बघितला तर १६ किलोहर्ट्झच्या वर सगळं सुरीने कापल्यासारखं साफ. सीडीत २२पर्यंत जागा असते. मला तर कोणीतरी एमपी३चंच फ्लॅक केलंय असं वाटतंय, पण मित्र म्हणतो जुन्या टेपमध्ये वरचं काही नसतंच. जुनी टेप हळूहळू विरत जायला हवी ना, अशी सरळ रेघ कशी येईल?

कॉम्प्रेशन लेव्हल ५ की ८ यावर कृपया भांडू नका, आवाज तोच राहतो, फक्त फाइल थोडी लहान होते. आणि 'स्ट्रीमिंगवर ऐक की' हा सल्लाही नको :) न जुळणाऱ्या डिस्कचा लॉग हवा असेल तर सांगा, खाली टाकतो.