गो वेस्ट, अल्कली आइक आणि मधली ती

रानवारा:
अमेरिकेतले सुरुवातीचे विनोदी वेस्टर्न मूकपट घ्या. एक मुलगी, तिच्यासाठी झुरणारे दोन काउबॉय, मग आपटाआपटी. माझं मत स्पष्ट आहे: यातलं प्रेम नावापुरतं. पुरुषांना एकमेकांना लोळवायला निमित्त हवं, म्हणून मुलगी उभी केलेली. मूकपटांतला विनोदवीर बस्टर कीटननं ते नेमकं ओळखलं. 'गो वेस्ट'च्या (१९२५) शेवटी गुरांच्या रँचचा मालक म्हणतो, हवं ते माग. कीटन मागे बोट करून म्हणतो, मला ती हवी. तिथे मालकाची मुलगी उभी! पण त्याला हवी असते ब्राउन आइज, त्याला जीव लावणारी गाय. त्या एका बोटानं सगळे प्रेमत्रिकोण निकालात निघाले.

सुगरण:
अजिबात पटलं नाही. चौदा वर्षं मागे जा. एसने या चित्रपट कंपनीचा 'अल्कली आइक्स ऑटो' (१९११) बघ. आइक आणि मस्टँग पीट दोघंही बेटी ब्राउनच्या मागे. तिच्यावर छाप पाडायला आइक मोटार मिळवतो आणि ती मोटार त्याला जुमानत नाही. चुरस काढून टाकलीस तर मोटार येईलच कशाला? आणि बेटी झालेली मार्गारेट जोसलिन नाजूक बाहुली नव्हे. अंगानं भरलेली, स्वतः हशा वसूल करणारी बाई. पुढे कॅलिफोर्नियातल्या नाइल्स गावी काढलेल्या 'स्नेकव्हिल' विनोदी पटांत सोफी क्लट्स झाली ती हीच. पीट झालेला हॅरी टॉड खऱ्या आयुष्यात तिचा नवरा होता, हे कळल्यापासून त्याची धडपड मला जास्तच आवडते.

जुनी रीळ:
दोघांनीही गंभीर वेस्टर्नपटांचा नायक विल्यम हार्ट याला वगळलंत. 'द फ्रोझन नॉर्थ'मध्ये (१९२२) कीटन एका घरात शिरतो, बायको परपुरुषाच्या मिठीत दिसते, हार्टसारखे अश्रू ढाळतो, दोघांना गोळ्या घालतो. मग लक्षात येतं, घरच चुकलं! हार्ट इतका दुखावला की त्यानं कीटनशी बोलणं टाकलं. मत्सर हार्टच्या पडद्यावर खरा होता, म्हणून तर विडंबन झोंबलं.

रानवारा:
मुलगी नुसती उभी केलेली, हे जोसलिनच्या बाबतीत माझं चुकलं, मान्य. पण जुनी रीळ, तुमचं उदाहरण माझ्याच बाजूचं आहे. त्या घरातली बाई कोण, हे बघायचीही कीटनला गरज वाटली नाही.

सुगरण:
आणि आइकला बेटीच हवी होती. दुसरी कुणी चालली नसती.